तुर्की चित्रपटांतील जिन

अनातोलियांतील खेड्यांत रात्रीं उकळतें पाणी अंगणांत ओतण्यापूर्वीं जुन्या वळणाची गृहिणी 'देस्तूर' असें म्हणते. आपल्या 'दस्तूर' शब्दाचाच हा भाऊ. तुर्की भाषेंत येथें त्याचा अर्थ परवानगी. ती कोणाची मागावयाची हें ती बोलत नाहीं, बोलावयाचें नसतेंच. राखेच्या ढिगाशीं, उंबऱ्यावर, न्हाणीघरांत, ओसाड पडलेल्या घरांत ज्यांची वस्ती असते त्यांच्या अंगावर नकळत पाणी पडलें तर ते सूड घेतात, अशी समजूत आहे. त्यांचा उल्लेख करणें भागच पडलें तर 'त्यांची वेळ चांगली असो' एवढ्यावर भागवितात, किंवा नुसतें 'तीन अक्षरवाले' म्हणतात. तुर्की भाषा आज रोमन लिपींत लिहितात, आणि त्या लिपींत 'जिन' ह्या शब्दाचीं अक्षरें तीन भरतात. जुन्या अरबी लिपींत तीं दोनच लिहीत. म्हणजे हें टोपणनांव नव्या लिपीच्या मापानें शिवलेलें दिसतें. लिपी बदलली, राज्य बदललें. ज्याचें नांव घ्यावयाचें नाहीं तो मात्र जागचा हलला नाहीं.

ह्या रहिवाशाला तुर्की चित्रपटानें पडद्यावर आणलें त्याची हकीकत मनोरंजक आहे, आणि थोडी चमत्कारिकहि. तुर्कस्तानांत भयपट निघूं लागले १९४९ सालीं. पण घरोघर ज्याची भीति बाळगली जाते तो जिन त्यांचा नायक झाला तो चालू शतकाच्या आरंभीं. मधलीं पन्नासपंचावन्न वर्षें तुर्की प्रेक्षकाला भिवविण्याचें काम बाहेरून आणलेल्या भुतांकडे होतें, आणि त्यांच्याकडून तें फारसें साधलें नाहीं. असें कां झालें, ह्याचें उत्तर चित्रगृहाच्या बाहेर शोधावें लागतें.

जिन म्हणजे मेलेल्या माणसाचा आत्मा नव्हे, हें आधीं ध्यानांत घेतलें पाहिजे. आपल्याकडील मुंजा, हडळ, वेताळाचा परिवार ह्यांतील बहुतेक मंडळी एके काळीं माणसेंच होतीं. इस्लामी श्रद्धेप्रमाणें ईश्वरानें माणूस मातीपासून घडविला आणि जिन त्याच्या आधीं, निर्धूम अग्नीपासून. ती माणसाच्या शेजारीं नांदणारी एक स्वतंत्र प्रजा आहे. त्यांच्यांत स्त्रिया आहेत, पुरुष आहेत. लग्नें होतात, मुलें होतात. कोणी श्रद्धावंत असतो, कोणी पाखंडी. कुराणाचा बहात्तरावा अध्याय त्यांच्याच नांवाचा असून, कांहीं जिन कुराण ऐकून श्रद्धावंत झाले असें त्यांत सांगितलें आहे. त्यामुळें श्रद्धाळू मुसलमानाला भूत खोटें म्हणतां येईल, पण जिन खोटा म्हणणें जड जातें. भयपटाच्या दृष्टीनें ही गोष्ट फार महत्त्वाची आहे. लंडनचा प्रेक्षक रक्तपिपासु उमराव पाहून घरीं परततो तेव्हां तो उमराव चित्रगृहांतच राहतो. जिन मात्र प्रेक्षकाच्या आधींच घरीं पोंचलेला असतो.

ह्या शास्त्रोक्त श्रद्धेच्या भोंवतीं लोकसमजुतींचें रान माजलें आहे, आणि त्यांतील कांहीं झाडें इस्लामपेक्षांहि जुनीं आहेत. बाळंतिणीचें काळीज पळविणारी 'आलकारसी' तुर्क लोक मध्य आशियांतून येतांना बरोबर घेऊन आले. तिच्यापासून रक्षण म्हणून बाळंतिणीला तांबडी फीत बांधतात, उशाशीं लोखंड ठेवतात, चाळीस दिवस तिला एकटी सोडीत नाहींत. आपल्याकडील आजीबाईंना ह्यांत कांहीं नवल वाटणार नाहीं. कोणी करणी केली, कोणाच्या अंगांत जिन शिरला, तर उपाय होजाचा. होजा आयती म्हणून फुंकर घालतो, कागदावर अक्षरें लिहून त्याची त्रिकोणी घडी कातड्यांत किंवा कापडांत शिवून गळ्यांत बांधावयास देतो. ह्या घडीला 'मुस्का' म्हणतात. मूळ अरबी 'नुस्खा' शब्दाचें हें रूप. हकिमाचा नुसखा म्हणून आपण म्हणतों तो हाच शब्द, आणि आपला 'ताईत'हि अरबी 'तावीझ'चाच अवतार. 'होजा' शब्द तर अधिकच मौजेचा आहे. फारसी 'ख्वाजा'पासून तो निघाला, आणि तुर्की भाषेंत त्याला दोन अर्थ आहेत: मशिदींतला मौलवी तो होजा, आणि शाळेंतला मास्तर तोहि होजाच. विसाव्या शतकांत ह्या दोन होजांचें भांडण जुंपलें. तें भांडण समजल्यावांचून चित्रपटांतील जिनाची कथा नीट उलगडत नाहीं.

१९२३ सालीं मुस्तफा कमाल ह्यांनीं प्रजासत्ताक स्थापन केलें. ज्या खिलाफतीसाठीं हिंदुस्थानांत एवढी मोठी चळवळ झाली, ती ३ मार्च १९२४ रोजीं मोडण्यांत आली. त्याच दिवशीं सर्व शिक्षण सरकारी खात्याच्या हातीं जाऊन मदरशांचे दिवस भरले. पुढच्या वर्षीं, ३० नोव्हेंबर १९२५ रोजीं, ६७७ क्रमांकाचा कायदा झाला. त्यानें दरवेशांचे मठ व पिरांचे दर्गे बंद झालेच. परंतु शेख, दरवेश इत्यादि पदव्यांबरोबर भविष्य सांगणें, जादूटोणा करणें, फुंकर घालून रोग बरे करणें, मुराद पुरी व्हावी म्हणून मुस्का लिहून देणें, हे धंदेहि गुन्हे ठरले. कायद्याच्या एका फटकाऱ्यासरशीं फुंकर घालणारा होजा गुन्हेगार झाला, आणि गांवांत मान मिळावयाचा तो शाळेंतल्या होजाला मिळावा अशी व्यवस्था झाली. चित्रपटांच्या तपासणीचे जे नियम १९३९ सालीं झाले त्यांत धर्मप्रचार करणाऱ्या चित्रपटांस मनाई होती. जिन कांहीं ह्या कायद्यानें देशोधडीस लागले नाहींत. ते फक्त दिवाणखान्यांतून उठून माजघरांत जाऊन बसले, आणि सुशिक्षितांनीं त्यांच्याविषयीं बोलणें सोडून दिलें.

चित्रपट हा त्या वेळीं इस्तंबूलच्या सुशिक्षितांचा धंदा. त्यांच्या पडद्यावर होजा आला तो खलपुरुष म्हणून. हालिदे एदिप ह्या थोर लेखिकेची 'मारा त्या कुलटेला' अशा अर्थाच्या नांवाची कादंबरी प्रसिद्ध आहे. (ह्या बाई १९३५ सालीं दिल्लीस येऊन जामिया मिल्लियांत व्याख्यानें देऊन गेल्या होत्या.) स्वातंत्र्ययुद्धाच्या काळांत आलिये नांवाची एक तरुण शिक्षिका इस्तंबूलहून अनातोलियांतील एका गांवीं शिकवावयास जाते, आणि फत्ताह नांवाचा एक धर्मांध हाजी लोकांना चेतवून तिचा भर रस्त्यांत बळी घेतो, असें तिचें कथानक. लुत्फी आकाद ह्यांनीं १९४९ सालीं तिचा चित्रपट केला. पुढें आणखी दोनदां ही कथा पडद्यावर आली. मास्तर आणि मौलवी ह्यांच्या भांडणांत चित्रपटाची सहानुभूति कोणाकडे होती हें निराळें सांगावयास नको. योगायोग असा कीं, त्याच १९४९ सालीं आयदिन आराकोन ह्यांचा 'किंकाळी' ह्या अर्थाच्या नांवाचा चित्रपट निघाला. तुर्कस्तानचा पहिला भयपट म्हणून त्याचा उल्लेख करतात. त्याची प्रत मात्र आज उपलब्ध नाहीं.

उपलब्ध आहे तो १९५३ सालचा 'इस्तंबूलमध्यें ड्राकुला'. ब्रॅम स्टोकरची १८९७ ची कादंबरी अली रिझा सेयफी ह्यांनीं १९२८ सालीं तुर्की वेषांत 'काझिक्ली वोयवोदा' म्हणून आणली होती. तिच्यावरून मेहमेत मुह्तार ह्यांनीं हा चित्रपट केला. नांवाचा अर्थ 'सुळावर देणारा सुभेदार'. पंधराव्या शतकांत वालाचियाचा राजा व्लाद तुर्क कैद्यांना सुळावर चढवीत असे, आणि १४६२ सालीं सुलतान दुसरा महंमद त्याच्यावर चालून गेला होता. इंग्रजांच्या दृष्टीनें जो कल्पनेंतला राक्षस, तो तुर्कांच्या दृष्टीनें इतिहासांतला वैरी. कल्पना नामी होती. आतिफ काप्तान ह्या नटाचे पुढें आलेले सुळे तर चित्रपटांच्या इतिहासांत नोंदले गेले आहेत, कारण हॉलिवुडच्या १९३१ च्या ड्राकुलाला ते नव्हते. पैशाची इतकी चणचण कीं, स्मशानांतील धुकें उत्पन्न करण्यासाठीं मंडळींनीं पडद्याच्या कडेला बसून सिगारेटी ओढल्या, असें सांगतात. पण खरी अडचण धुक्याची नव्हती. इंग्रजी कथेंत पिशाच्चाला हटविणारें शस्त्र म्हणजे क्रूस. इस्तंबूलांत तो चालावयाचा नाहीं. त्याच्या जागीं कुराण किंवा मुस्का पडद्यावर ठेवावी असा तो काळ नव्हता. राहिला लसूण! धर्म वगळून उरलेल्या ह्या लसणाच्या गड्ड्यांवर सारी भिस्त ठेवून चित्रपट पुढें सरकतो, आणि शेवटीं तर त्याच लसणावर नवराबायकोची थट्टा होऊन संपतो. थडग्यांतून उठणारा मुडदा तुर्की लोककथांस अगदींच अनोळखी नाहीं. परंतु काळा झगा घातलेल्या परदेशी उमरावाला भिऊन कोणी 'देस्तूर' म्हटलें नसावें.

दुसरा प्रयत्न वीस वर्षांनंतरचा. मेतिन एर्कसान हे लहानसहान दिग्दर्शक नव्हते. त्यांच्या 'कोरडा उन्हाळा' ह्या चित्रपटानें १९६४ सालीं बर्लिनच्या महोत्सवांत सर्वोच्च पारितोषिक मिळविलें होतें. १९७३ सालीं अमेरिकेंत 'एक्झॉर्सिस्ट' चित्रपटानें हाहाकार उडविला, आणि दुसऱ्याच वर्षीं एर्कसान ह्यांचा 'शेयतान', म्हणजे सैतान, इस्तंबूलांत तयार झाला. दृश्यामागून दृश्य मूळाबरहुकूम; संगीतसुद्धां तेंच. फरक तेवढा धर्माच्या खुणांत. जेथें क्रूस होता तेथें सैतानाच्या मुखाची मूठ असलेला कागद कापण्याचा चाकू आला, तीर्थाच्या जागीं झमझमचें पाणी आलें, बायबलच्या जागीं कुराण आलें. पण अंगांतलें पिशाच्च काढणें हें कॅथॉलिक पंथांत धर्मगुरूचें रीतसर नेमून दिलेलें काम आहे. त्याला ग्रंथ आहे, विधि आहे, वरिष्ठांची परवानगी आहे. तुर्कस्तानांत तसें काम करणारा जो होता तो खेड्यांतला फुंकर घालणारा होजा, आणि तो तर कायद्यानें गुन्हेगार. एर्कसान ह्यांनीं मग त्याला टाळून एक धीरगंभीर वृद्ध पंडित घेतला, आणि संशयग्रस्त तरुण पाद्र्याच्या जागीं सैतानावर पुस्तक लिहिणारा एक आधुनिक गृहस्थ. चित्रपटाच्या अखेरीस श्रीमंत, पाश्चात्य राहणीच्या घरांतली ती मुलगी मशिदींत जाते. कसब दिसतें, पण श्रद्धेची ऊब नाहीं. माणसें तुर्की बोलतात, भीति मात्र इंग्रजींतच राहते.

त्यानंतर बराच काळ शुकशुकाट होता. १९७२ च्या सुमारास तुर्कस्तानांत वर्षाला सुमारें तीनशें चित्रपट निघत; पण भयपट हाताच्या बोटांवर मोजण्याइतकेच. पुढें दूरचित्रवाणी आली आणि मूळ धंदाच बसला. तो नव्यानें उभा राहूं लागतो न लागतो तोंच १७ ऑगस्ट १९९९ च्या पहांटे मार्माराच्या भूकंपांत सतरा हजारांहून अधिक माणसें गेलीं. तायलान बंधूंच्या २००६ सालच्या 'किंचित् कयामत' ह्या चित्रपटांत इस्तंबूलचें एक कुटुंब भूकंपाच्या भयानें दूर समुद्रकांठच्या घरीं पळून जातें, आणि भय त्यांच्या आधीं तेथें हजर असतें. ओरहान ओउझ ह्यांचा 'ब्युयू', म्हणजे करणी, हा चित्रपट दोन वर्षें आधींचा. ओसाड खेड्यांत उत्खननास गेलेल्या मंडळींच्या मागें जुनी करणी लागते, असें त्याचें सूत्र. चित्रपट सामान्य, पण वाट योग्य होती.

ती वाट रुळविली हसन कराजादा ह्यांनीं, आणि गंमत अशी कीं, ती त्यांना सांपडली जपानांत. तेथें त्यांचें शिक्षण झालें होतें. जपानी भयपट आपलींच भुतें दाखवितात, उसनीं आणीत नाहींत, हें त्यांनीं पाहिलें असलें पाहिजे. कियोशी कुरोसावा (थोर अकिरा ते निराळे) ह्यांच्या २००१ च्या एका चित्रपटांत संगणकाच्या जाळ्यांतून प्रेतात्मे माणसांपर्यंत पोंचतात. कराजादा ह्यांच्या २००६ च्या 'दाब्बे'ची मांडणी त्यावर बेतलेली आहे हें उघड आहे. परंतु जाळ्यांतून येणारें संकट त्यांनीं कुराणांतून घेतलें. कयामतीच्या सुमारास जमिनींतून एक प्राणी बाहेर पडून माणसांशीं बोलेल, असा सत्ताविसाव्या अध्यायांत उल्लेख आहे, तोच 'दाब्बे'. चित्रपट ओबडधोबड आहे, तरी प्रेक्षकांनीं तो उचलून धरला. जें त्यांनीं बालपणीं आजीच्या तोंडून ऐकलें होतें तें प्रथमच मोठ्या पडद्यावर, शास्त्राधारासह, समोर आलें. २००८ सालीं त्यांनींच 'सेमूम' काढला. जिन ज्या दाहक अग्नीपासून घडला त्याचें हें कुराणांतील नांव. 'दाब्बे'चे तर सहा भाग झाले. ह्या चित्रपटांत भीतीचें काम अंधारापेक्षां भाषा अधिक करते. अरबी शब्द, उलट्या क्रमानें लिहिलेलीं अक्षरें, अर्धवट पुसलेली आयत! रोमन लिपींत वाढलेल्या पिढीला आपल्याच आजोबांची लिपी वाचतां येत नाहीं, आणि जी वाचतां येत नाहीं ती लिपी भयंकर वाटूं लागते. १९२८ च्या सुधारकांनीं हा परिणाम स्वप्नांतहि कल्पिला नसेल.

पण ह्या साऱ्या पंक्तींत सरस चित्रपट निवडावयाचा तर तो आल्पेर मेस्तची ह्यांचा २००७ सालचा 'मुसल्लात'. 'मुसल्लात' म्हणजे मानगुटीस बसलेला. सुआत नांवाचा खेड्यांतला तरुण नुर्जान नांवाच्या मुलीशीं लग्न करून पोटासाठीं जर्मनींत जातो. येथें थोडा इतिहास आठवला पाहिजे. ३० ऑक्टोबर १९६१ रोजीं पश्चिम जर्मनी व तुर्कस्तान ह्यांच्यांत मजूर पाठविण्याचा करार झाला, आणि लाखों तरुण तिकडच्या कारखान्यांत गेले. मागें राहिल्या बायका, पत्रें आणि वर्षाकांठीं एखादी भेट. ह्या विषयावर तुर्की भाषेंत कथा, गीतें, चित्रपट विपुल झाले. मेस्तची ह्यांनीं त्याच जुन्या दुःखांत जिन आणून बसविला. परक्या शहरांत सुआताला कांहींतरी छळूं लागतें, तो भ्रमिष्ट होतो, मित्र त्याला मायदेशीं होजाकडे नेतो. पुढें उलगडा होतो तो असा: नुर्जानवर एका जिनाचा लहानपणापासून जीव जडलेला होता. नवरा दूर असतां त्यानें नवऱ्याचेंच रूप घेतलें आणि तो तिच्या घरांत नांदूं लागला. परत आलेला नवरा खरा कीं खोटा? ती ज्याच्याशीं बोलली, ज्याच्यासाठीं स्वयंपाक केला, तो कोण होता? अंगावर कांटा येतो तो राक्षसी मुद्रेनें नव्हे, तर ह्या प्रश्नानें. वर्षानुवर्षें दूर राहिलेला माणूस घरीं परततो तेव्हां तो अनोळखीच असतो, हें सांगावयास जिनाची गरज नाहीं. पण जिनामुळें तें उघड बोलतां येतें.

मेस्तची ह्यांनींच २०१४ सालीं 'सिज्जीन' मालिका सुरू केली. पापी लोकांच्या कृत्यांची नोंद जेथें असते तें सिज्जीन, असें कुराणाच्या त्र्यायशींव्या अध्यायांत आहे. पहिल्या भागांत नात्यांतल्याच एका विवाहित पुरुषावर मन बसलेली ओझनूर नांवाची स्त्री त्याच्या बायकोचा नाश व्हावा म्हणून मांत्रिकाकडे जाते. हें कथानक नवें नव्हे. तें अतिशय जुनें आहे. बाबिलोनमध्यें हारूत व मारूत ह्या दोन फिरिश्त्यांपासून लोक नवराबायकोंत फूट पाडण्याची विद्या शिकले, असा कुराणाच्या दुसऱ्याच अध्यायांत निर्देश आहे, आणि तशी करणी करणें हें इस्लामांत घोर पाप मानलें जातें. 'सिज्जीन'मधील भीतीचें मूळ म्हणूनच गढींत किंवा स्मशानांत नाहीं. तें एका जिन्याच्या दोन मजल्यांवर राहणाऱ्या आप्तांत आहे; उशींत शिवलेली चिठ्ठी, दारापुढें सांडलेलें पाणी, जेवणांत मिसळलेली राख, अशा क्षुद्र वस्तूंत आहे. मत्सर हाच ह्या चित्रपटांतला खरा मांत्रिक होय.

एवढें यश मिळाल्यावर नकला निघणारच. २०१० सालीं तर 'तीन अक्षरवाले' हें टोपणनांवच एका चित्रपटाच्या जाहिरातींत भिंतीभिंतींवर लागलें, व पुढें त्या नांवाचीहि मालिका झाली. स्वस्त यंत्रें, चार नट, एक गांवांतलें पडकें घर, एवढ्या भांडवलावर हे चित्रपट निघतात, आणि त्यांतील बहुतेक अत्यंत टाकाऊ असतात. एकच गोष्ट पुन्हापुन्हां: आरशांत सांवली, छतावर पावलें, डोळे पांढरे झालेली तरुणी. ही तरुणी जवळजवळ प्रत्येक चित्रपटांत आहे. जिन पुरुषाच्या अंगांत क्वचित् शिरतो. २०१३ च्या 'दाब्बे'त तो शिरतो तोहि नवरीच्या अंगांत, आणि मुहूर्त कोणता, तर लग्नापूर्वींच्या मेंदीच्या रात्रीचा. जिच्या मनांत काय आहे हें कोणी विचारीत नाहीं तिच्या तोंडून जिन बोलतो, असा ह्याचा अर्थ करतां येईल. पण चित्रपट करणारांना तो अर्थ अभिप्रेत असतो असें मानणें म्हणजे त्यांच्यावर फार मोठा उपकार होईल.

ह्याच 'दाब्बे'त एक डॉक्टरीणबाई आहेत, मनोरोगांच्या. होजाची लबाडी उघडकीस आणावी म्हणून त्या कॅमेरा घेऊन जातात. 'सेमूम'मध्यें असाच एक अश्रद्ध मनोवैद्य आहे. दोन्हीकडे शास्त्र हरतें. हा ह्या प्रकारचा ठरलेला रिवाजच होऊन बसला आहे. १९४९ सालीं शिक्षिकेला ठार करणारा मौलवी खलपुरुष होता. साठ वर्षांनंतर डॉक्टरला खोटें पाडणारा होजा तारणहार झाला. जो फुंकर घालीत असे म्हणून सरकारनें गुन्हेगार ठरविला, त्याच्या फुंकरीशिवाय आतां चित्रपटाची अखेर होत नाहीं. घरांत कोणी तरुण मुलगी रात्र रात्र जागते, भिंतीशीं बोलते, तेव्हां तिला कोणाकडे न्यावयाचें, हा प्रश्न पडद्यापुरता नाहीं. त्या दृष्टीनें ह्या चित्रपटांनीं घेतलेली बाजू निरुपद्रवी म्हणतां येत नाहीं. उलट पक्षीं, सुशिक्षितांनीं जी भीति माजघरांत ढकलून दार लावून घेतलें, तिच्याविषयीं पाऊण शतक कोणी गंभीरपणें बोललेंच नाहीं, हेंहि तितकेंच खरें.

१९८२ च्या राज्यघटनेनें आपल्या १७४ व्या कलमांत कमालांच्या काळच्या सुधारणांच्या कायद्यांना खास संरक्षण दिलें आहे. त्या यादींत ६७७ क्रमांकाचा कायदाहि आहे, आणि तो अद्यापि लागू आहे. मुस्का लिहून देणें आजहि गुन्हाच आहे. 'सिज्जीन'चा सातवा भाग २०२४ सालीं पडद्यावर आला.